काचेत हललेली बाई

१

देवजी जव्हारच्या बाजारात रंग घ्यायला गेला, यात सांगण्यासारखं काय आहे? काहीच नाही. होळी जवळ आली की तो दर वर्षी जायचाच. मोखाड्याच्या बोहाड्याला देवांची आणि राक्षसांची जी सोंगं नाचतात, त्यांचे मुखवटे रंगवायचं काम त्याच्याकडे. वाण्याकडून हिंगूळ, पिवडी, सफेदा घ्यायचा, त्याच्याशी चार शब्द भांडायचं आणि जव्हारच्याच वेशीवरच्या आपल्या घरी यायचं. एक वेळ संस्थानचा कारभार चुकेल, पण देवजीची ही फेरी चुकायची नाही.

त्या दिवशी वाणी दुकानाच्या पायरीवर बसून काचा धूत होता. डाक बंगल्याची जुनी अडगळ काढली होती, त्यात खोकंभर काचा निघालेल्या. कपाटाच्या दारांना बसवायला बऱ्या, पण काळपट. म्हणून सोडाखार घालून कढत पाण्यानं घासणं चाललं होतं. देवजीनं सहज एक काच उचलून उन्हात धरली आणि तो तसाच उभा राहिला.

काचेत माणसं होती. रांगेनं उभी. धोतरं काळीकुट्ट, केस पांढरेफेक, डोळ्यांच्या बाहुल्यासुद्धा पांढऱ्या.

“शेठ, तुम्ही माणसं धुताय,” देवजी म्हणाला.

“माणसं कसली? कुण्या साहेबानं फोटो काढले होते दुष्काळाच्या साली, त्याचा कचरा आहे तो.”

“तुमच्या दारावर गणपती काढून देतो. लाडवासकट. खोकं मला द्या.”

वाण्याला वाटलं, याचं डोकं फिरलं असावं, पण आपल्याला काय? त्यानं खोकं देऊन टाकलं. अर्ध्या काचा तोवर धुऊन लख्ख झाल्या होत्या. उरलेल्या डोक्यावर घेऊन देवजी निघाला, तो रंग घ्यायचे विसरूनच.

२

त्याच्या बायकोनं, सोमीनं, खोकं बघून कपाळावर हात मारला. “रंग आणाया गेलास आन् काचा घेऊन आलास. उद्या मीठ आणाया धाडलं तर हत्ती आणशील.”

देवजीचं लक्ष कुठं होतं? त्यानं एक काच काळ्या घोंगडीवर टेकवली, ती जरा तिरपी झाली, आणि काय सांगावं, उलटं होतं ते सुलटं झालं. धोतरं पांढरी, केस काळे, माणसं माणसांसारखी. काच उचलली की भुतं, ठेवली की माणसं. दुपारभर तो लहान पोरासारखा उचलत नि ठेवत बसला. सोमीसुद्धा चूल सोडून शेजारी येऊन बसली, आणि तव्यावरची नाचणीची भाकर करपली ती करपलीच.

मग त्याला सुचलं ते असं. डिंकात रंग कालवून त्यानं काचेच्या वरच्या अंगानं भरायला घेतला. कुणाचं पागोटं लाल, कुणाचं लुगडं हिरवं, गालाला जरा तांबूस. मागं काळं फडकं लावलं की चित्र तयार. ती चित्रं पाठीवर बांधून तो पाड्यापाड्यानं हिंडला. “कोण हाय हा? कोणाचा?” एवढंच विचारायचं. शिरपामाळच्या वाटेवर, साखरशेतच्या पाड्यात, जिथं बसेल तिथं माणसं गोळा व्हायची. साखरशेतचा एक म्हातारा आपल्या भावाकडं किती तरी वेळ बघत राहिला आणि म्हणाला, “याचं नाक मी इसरलो व्हतो.” मग त्या काचेला त्यानं यंदाच्या भाताची सगळी हकीकत सांगितली. देवजीचे तर हर्षानं जमिनीवर पाय टेकेनात. अन्न गोड लागेना, झोप येईना, हात शिवशिवत राहायचे.

त्याला हे इतकं का लागलं, तेही सांगून टाकतो. बोहाड्यात प्रत्येक सोंग एकेका घराचं असतं. बापाचं मुलगा घालतो, मुलाचं नातू. देवजी सगळी सोंगं रंगवायचा, पण घालायला त्याच्या वाट्याला एकही नव्हतं, कारण त्याला घरच नव्हतं. दुष्काळात कोणी बाई तान्ह्याला कान्हाच्या ओसरीवर ठेवून गेली, एवढीच त्याची वंशावळ. कान्हा हा सोंगांचे मुखवटे घडवणारा जुना कारागीर. त्यानं वाढवलं, हाती कुंचला दिला, पण कान्हाच्या घरचं सोंग गेलं ते पुतण्यांकडं, रक्ताच्या माणसांकडं. लोकांना अंथरुणात पडल्यावर आई आठवते. देवजीला कान्हाची दाढी आठवायची. या काचांत कुठंतरी आपली आई असेल, आणि ती सापडली तर आपण कुणाचे ते कळेल, हे त्याच्या मनानं घेतलं होतं.

३

आणि ती सापडली. म्हणजे, त्याला तसं वाटलं.

साखरशेतच्या काचेत रांगेच्या टोकाला एक बाई होती. कडेवर पोर. फोटो काढताना साहेब सगळ्यांना श्वास धरून उभं करायचा म्हणे, आणि उभं राहिल्याबद्दल ओंजळभर तांदूळ द्यायचा. सगळी खांबासारखी उभी राहिलेली, या बाईनं मात्र मान हलवली होती. तोंडाच्या जागी नुसता धुरकट पट्टा.

“कोण ही?” देवजीनं विचारलं. साखरशेतवाले म्हणाले, आमची नाय, सूर्यमाळची असल. सूर्यमाळच्या काचेतही ती होतीच, तशीच टोकाला, तशीच मान हललेली. सूर्यमाळवाले म्हणाले, ती साखरशेतची. शिरपामाळच्या काचेत पुन्हा ती. देवजीनं डोकं चालवलं: तांदळासाठी साहेबाच्या मागंमागं पाडे हिंडत असेल बिचारी. पोटापुढं माणूस काय करणार? इतकं सरळ होतं ते.

पण पोर. ते तिन्ही काचांत स्वच्छ आलं होतं. पापणीसुद्धा मोजावी इतकं. हललेल्या बाईच्या कडेवर न हललेलं पोर. तिन्ही काचांत त्याची मान तेवढीच कललेली, उजवा हात तसाच कोपरात मुडपलेला. आणि डाव्या कानाची पाळी आत दुमडलेली.

“सोमे, इकडं ये. माझा कान बघ आन् हा बघ.”

सोमीनं एकदा काचेकडं पाहिलं, एकदा नवऱ्याकडं. त्या कानावरून तिनं त्याला लग्नापासून चिडवलं होतं, करंजी म्हणायची त्याला. या वेळी ती चिडवायचं विसरली. “पोर झोपलंय का रं?” तिनं विचारलं.

“डोळे मिटलेत म्हणजे झोपलंच असणार.”

“तिन्ही येळेला?”

“मी लहानपणी लई झोपायचो असेन,” देवजी हसत म्हणाला आणि काच छातीशी धरून अंगणात एक गिरकी मारून आला.

४

कान्हा ओसरीवर कागदाचा लगदा कुटत होता. देवजीनं काच त्याच्यापुढं धरली. कान्हानं बाईकडं पाहिलंच नाही. तो पोराकडं पाहत राहिला, आणि कुटणं थांबलं.

“ही पुसून टाक,” तो म्हणाला.

“बा, ही माझी आई हाय.”

“तोंड कुठाय तिला? तोंडाबिगर आई कशी ओळखलीस?”

“म्हणून तर भरणार हाय तोंड.”

कान्हानं लगद्याचा हात धोतराला पुसला. “डोळे भरू नकोस. तुला शिकवलंय मी. सोंगाचे डोळे सगळ्यात शेवटी, आन् तेही घालणारा समोर येऊन बसल्यावर. उघडलेल्या डोळ्यांचं तोंड मोकळं ठेवायचं नाय. त्यात कुणीतरी येतंच.”

“ते सोंगाचं. ही काच हाय, बा.”

“मर मग,” असं म्हणून म्हातारा पाठ फिरवून बसला. कान्हा चिडला की असंच बोलायचा, म्हणून देवजीनं ते मनावर घेतलं नाही.

पण तोंड काढायचं कुणाचं? बघितलेलं तर कुणालाच आठवत नव्हतं. दोन दिवस तो नुसता येरझाऱ्या घालत राहिला, आणि मग त्याला असं काही सुचलं की तो स्वतःशीच मोठ्यानं हसला. लेक आईच्या वळणावर जातो, मग आई लेकाच्या वळणावर असणारच की. सोमी पाण्याला गेलेली बघून त्यानं तिचा आरसा भिंतीला टेकवला, दार पुढं लोटलं, आणि स्वतःकडं बघत बघत तो आईचं तोंड काढू लागला.

भर दुपार होती. कौलांतून उन्हाची एक तिरीप नेमकी काचेवर पडलेली. त्याचं नाक, जरा बारीक करून. त्याची हनुवटी. दाढी गाळून गाल. कपाळावर गोंदण, त्याच्या मनचं. आयुष्यात इतका हलका हात त्याचा कधी चालला नव्हता. तांबूस ओठ. मग काजळीत कुंचल्याचं टोक बुडवलं, आधी डावा डोळा, मग उजवा.

दुसरी बाहुली टेकली आणि खोलीत कुणीतरी श्वास सोडला.

कितीतरी वेळ धरून ठेवलेला श्वास सुटावा, तसा. लांब, सावकाश. देवजीनं मागं पाहिलं. कणगी, उखळ, खुंटीवरची टोपी. आपलाच असेल, त्यानं स्वतःला समजावलं. डोळे काढताना चित्रकार श्वास धरतोच. पण त्याचा श्वास अजून छातीतच होता, आणि तो त्यानं नंतर सोडला.

सोमी हंडा घेऊन आत आली. काच घोंगडीवर होती. तिनं पाहिलं मात्र, हंडा खाली ठेवला आणि लगबगीनं पदर डोक्यावर घेतला.

“पदर कशाला घेतलास?”

“सासू ना माझी,” सोमी म्हणाली. आणि आपण असं का बोललो ते न कळून तिनं पदर पुन्हा खांद्यावर टाकला.

५

सूर्यमाळला तो पहाटेच निघाला. पोचला तेव्हा बाया विहिरीवर होत्या. तळाशी वाटीवाटीनं पाणी झिरपत होतं, आणि त्या आपापल्या पाळीची वाट बघत बसल्या होत्या. त्यांच्यात गौरा होती, पाड्यातली सगळ्यांत जुनी म्हातारी. याच गौरानं मागच्या खेपेला काच परत करताना सांगितलं होतं, ओळखत नाय बाबा.

देवजीनं फडकं सोडलं. गौरानं काच हातात घेतली आणि तिच्या तोंडाचं बोळकं उघडंच राहिलं.

“चैती,” ती म्हणाली. “आमची चैती ही. माझ्या दिराची पोरगी. अगं बायांनो, बघा, आपली चैती.”

“मागं तर तू नाय म्हणालीस,” देवजी म्हणाला.

“तवा नव्हती आठवत. आता आठवते. कालच बघितल्यासारखी आठवते.”

मग काय विचारता! देवजीला चैतीचा लेक म्हणून घरात नेलं, हातावर पाणी घातलं, पानात भात वाढला. गौराच्या पोरांनी त्याला भाऊ म्हटलं. आणि ओसरीच्या आढ्याला टांगलेलं एक गाठोडं सोडून त्यांनी त्याच्या मांडीवर ठेवलं. आत वेताळाचा मुखवटा होता. चैतीच्या बापाचं सोंग. त्याला घालणारा उरला नव्हता. देवजीनंच तो दर वर्षी रंगवून परत धाडला होता, कुणाचा ते न विचारता. “यंदा तू नाच,” गौरा म्हणाली. देवजी त्या मुखवट्यावर कपाळ टेकून ढसाढसा रडला. इतकं सुख एका दिवसात माणसाला सोसत नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे निघताना तो म्हणाला, “आई काचेत हलली म्हणून तोंड गेलं. मी मात्र कसा गपगार होतो बघ कडेवर.”

गौरा त्याच्याकडं जराशी विचित्र नजरेनं बघू लागली.

“ते पोर व्हय? ते तर गेलेलं व्हतं, बाबा. अंगात ताप भरला आन् गेलं. ती खाली ठीवनाच. आम्ही ओढलं, रडलो, पण ती सोडीना. तशीच कडेवर घेऊन हिंडली. फोटोवाल्या साहेबानं तर तिला दोन ओंजळी दिल्या, पोर लई चांगलं उभं ऱ्हातं म्हणून.”

विहिरीवर कुणाची तरी कळशी कठड्याला लागली.

“मग?” देवजीनं विचारलं.

“मग गेली जव्हारला. तिथं सोंगांचे डोळे उघडणारा एक हाय म्हणाली. त्येच्याकडं जाते.” गौरा थांबली. आत्ता कुठं तिच्या ध्यानात येत होतं. तिनं देवजीच्या कानाकडं पाहिलं आणि बसल्या जागेवरून ती दोन वीत मागं सरकली.

६

चैतीला दुसरं पोर झालं असेल. देवजी चालता चालता हिशेब मांडत होता. कान घराण्याचा असतो, दोघा भावांचे सारखे असू शकतात. म्हातारीला कालची भाकर आठवत नाही, ती दुष्काळाचं काय सांगते? आणि मी हा असा चालतोय, घामानं भिजलोय, टाचेला खडा टोचतोय. मेलेल्या माणसाला खडा टोचतो का? हे त्याला इतकं पटलं की तो पुन्हा खुशीत आला आणि काखेतला वेताळ सावरून शीळ घालू लागला.

साखरशेतच्या वेशीवर एक माणूस भाताच्या वाफ्यावर राब भाजायला पालापाचोळा गोळा करत होता. “मागून येते ती कोण रं?” त्यानं विचारलं. “तुझ्याच तोंडावळ्याची हाय.”

देवजी गर्रकन वळला. वाट मोकळी होती. दोन्ही बाजूंना उन्हानं उघडे झालेले साग, आणि खाली त्यांची वाळकी पानं, पापडासारखी. तो एका झाडाखाली बसून राहिला. वाट पाहिली. हो, वाट पाहिली, भ्यायला नव्हता तो. ऊर धडधडत होता, पण तो जत्रेत हरवलेल्या पोराचा धडधडतो तसा. कुणी आलं नाही.

तो उठून चालू लागला, तशी मागं पानं वाजली. अनवाणी पायांखाली. तो थांबला की थांबत होती. तो वळला की वाटेवर सगळं असं स्तब्ध व्हायचं की, झाडांनीसुद्धा श्वास धरलाय असं वाटावं.

शिरपामाळ मागं पडलं तोवर त्यानं मागं वळणं सोडून दिलं होतं. आवाज येत राहिला तरच त्याला बरं वाटत होतं.

७

दिवस अजून बराच वर होता. सोमी अंगणात धान पाखडत होती. कान्हा ओसरीवर. देवजीनं काखेतलं गाठोडं त्याच्यापुढं ठेवलं.

“बा, ती मला घेऊन आली तवा मी कसा होतो?”

कान्हानं मुखवट्याकडं पाहिलं, मग देवजीकडं. तो नेहमीसारखा चिडला असता तर बरं झालं असतं.

“तिला नाय म्हणवेना मला,” तो हळू बोलला. “कुंचला हातातच होता, तो तुझ्या मिटल्या पापण्यांवर फिरवला. पण म्हणाली, दुष्काळ सरला की न्यायला येईन माझ्या लेकाला. मी हो म्हणालो. मग तू हसाया लागलास, रांगाया लागलास, आन् मला तुला देववेना. म्हणून मी कधी कुणाला विचारलं नाय ती कोण, कुठली. जी कुणालाच आठवत नाय, ती वाट कशी शोधणार? तीस वर्सं निभावलं, देवजी. आत जा. ओलं फडकं घे. डिंकाचाच रंग हाय, एका हातात जाईल.”

देवजी आत गेला. दार लोटलं. हंड्यात फडकं बुडवलं, पिळलं, आणि काच मांडीवर घेतली.

एकदा फिरवलं की झालं. मग सूर्यमाळ त्याला विसरेल, गौराची पोरं त्याला भाऊ म्हणणार नाहीत, वेताळ परत आढ्याला जाईल. आणि तो इथं राहील, सोमीपाशी, कान्हापाशी, मुखवटे रंगवत. त्यात वाईट काय होतं? काही नाही. त्यानं फडकं काचेवर आणलं. त्याचंच नाक, त्याचीच हनुवटी, आणि ती त्याच्याकडं बघत होती. जन्मात कुणी त्याच्याकडं असं बघितलं नव्हतं. फडक्याचं पाणी थेंब थेंब जमिनीवर पडत राहिलं.

बाहेर सुपाचा आवाज थांबला. मग सोमीचा आवाज आला, मऊ, अदबीचा, असा तो कधी कुणाशी बोलताना त्यानं ऐकला नव्हता.

“या ना. उन्हातानाच्या आलात. आत हायत ते.”

कान्हा काहीतरी ओरडला. खांबाशी त्याची धडपड ऐकू आली. पायरीवर वाळक्या पानाचा एक तुकडा चुरडला गेला.

देवजीनं फडकं हंड्यावर ठेवलं. घाईघाईनं तोंडावरून हात फिरवला, केस नीट केले, डाव्या कानावरचे मागं सारले. मग तो उठला आणि दाराच्या फटीला डोळा लावला.

उन्हाकडं पाठ होती तिची, तोंड अजून दिसत नव्हतं. हिरवं लुगडं, त्यानं भरलं होतं त्याच हिरव्याचं. अंग एका बाजूला कललेलं, कंबर बाहेर काढलेली, एक हात कडेवरच्या पोराला आवळावा तसा वळलेला. कडेवर मात्र कुणी नव्हतं.

त्याला हसू फुटत होतं, आवरेचना.

“आलो, आई,” तो म्हणाला आणि त्यानं दार उघडलं.